‘गाडी सेल्फ घेत नाही’ : वाचकांचे प्रश्न

पावसाळ्याच्या तोंडावर आणि ऐन थंडीत ‘गाडी सेल्फ घेत नाही’ अशी पत्रं हमखास वाढतात. या वेळी त्यांतलीच निवडली आहेत. सेल्फ म्हणजे इंजिनला पहिला वेढा देणारी स्टार्टर मोटर. बऱ्याच पत्रांत एक वाक्य सारखं आहे : ‘इलेक्ट्रिशियन म्हणतो सेल्फ गेला, बदलून टाका.’ कधी ते खरं असतं. पण मीटर न लावता हा निष्कर्ष काढला असेल, तर नवी मोटर बसवूनही दुखणं तिथंच राहू शकतं. म्हणून पहिल्या उत्तरात मोजमाप नीट उलगडून सांगितलं आहे. पुढच्या उत्तरांत त्याचाच आधार घेतला आहे.

प्रश्न : माझी पेट्रोल हॅचबॅक सात वर्षांची आहे. चावी फिरवली की ‘कट्’ असा एकच मोठा आवाज येतो, इंजिन फिरत नाही. डॅशबोर्डचे दिवे नेहमीसारखेच असतात. चार-पाच वेळा चावी मारली की एकदाची चालू होते. बॅटरी दोन वर्षांची. सेल्फ बदलायचा का? (डोंबिवली)

उत्तर : लगेच नाही. आधी तो ‘कट्’ कशाचा, ते पाहू. सेल्फच्या पाठीवर जो छोटा नळकांड्यासारखा भाग असतो, तो सोलेनॉइड. तो एकाच हालचालीत दोन कामं करतो. फोर्कच्या मदतीनं पिनियन, म्हणजे सेल्फचं छोटं दातेरी चाक, पुढं ढकलून फ्लायव्हीलच्या (इंजिनच्या जड चाकाच्या) रिंग गिअरमध्ये, म्हणजे कडेच्या दात्यांत अडकवतो आणि हालचालीच्या शेवटी तांब्याच्या चकतीनं दोन जाड बोल्ट जोडून बॅटरीचा प्रवाह मोटरमध्ये सोडतो. ‘कट्’ आला म्हणजे पहिलं काम झालं. इंजिन फिरलं नाही म्हणजे दुसरं झालं नाही, किंवा प्रवाह पोचूनही मोटर फिरली नाही. कोणतं खरं, ते साध्या डिजिटल मल्टिमीटरनं दहा-पंधरा मिनिटांत कळतं. चावी फिरवायला एक माणूस सोबत घ्या. गाडी न्यूट्रलमध्ये, हँडब्रेक ओढलेला. इंजिन मधेच चालू होऊ नये म्हणून फ्युएल पंपाचा फ्यूज काढून ठेवा.

पहिलं मोजमाप बॅटरीवर. मीटरच्या पिना क्लॅम्पवर टेकवू नका, बॅटरीच्या शिशाच्या खुंट्यांवरच टेकवा. रात्रभर उभ्या गाडीत १२.६ व्होल्ट म्हणजे पूर्ण चार्ज, १२.४ म्हणजे साधारण तीन चतुर्थांश, १२.२ म्हणजे निम्मी. १२.० च्या आसपास असेल तर आधी चार्ज करा, नाहीतर पुढच्या आकड्यांना अर्थ नाही. मग चावी फिरवायला सांगून मीटरकडे बघा. इंजिन व्यवस्थित फिरत असताना व्होल्टेज ९.६ च्या खाली जायला नको; निरोगी बॅटरी आणि लहान पेट्रोल इंजिन असेल तर ते दहाच्या वरच राहतं. तुमच्याकडे नुसताच ‘कट्’ येतो तेव्हा तीन शक्यता. व्होल्टेज नऊच्याही खाली कोसळलं, तर बॅटरी दुबळी आहे किंवा मोटर अथवा इंजिन अडकलंय. बारा-साडेबारावरच ठाम राहिलं, तर प्रवाह वाहतच नाही, वाटेत कुठं तरी तुटलंय. तुम्ही लिहिता दिवे मंद होत नाहीत, त्यावरून तुमचं हे दुसरं प्रकरण वाटतं. आणि अकराच्या आसपास उतरून तिथंच थांबलं, तर वाटेत अडथळा आहे, पण पूर्ण खंड नाही.

तो खंड किंवा अडथळा शोधायचा तर वाटेचे तुकडे पाडून मोजावं लागतं. मीटर २० व्होल्ट डीसीवर ठेवा. लाल पिन बॅटरीच्या पॉझिटिव्ह खुंटीवर, काळी सेल्फच्या जाड वायरीच्या बोल्टच्या टोकावर. नटवर नाही, बोल्टवरच. चावी फिरवा. येणारा आकडा म्हणजे त्या वायरीत आणि तिच्या जोडांत वाया जाणारं व्होल्टेज. अर्ध्या व्होल्टपर्यंत चालतं. त्याहून जास्त असेल तर वायर किंवा तिचे जोड दोषी. आता अर्थची, म्हणजे निगेटिव्हकडं परतीच्या वाटेची बाजू : लाल पिन सेल्फच्या अंगावर खरवडून स्वच्छ केलेल्या जागी, काळी निगेटिव्ह खुंटीवर. इथं ०.३ च्या वर नको. शेवटी सोलेनॉइडचे दोन जाड बोल्ट, एक बॅटरीकडून येणारा आणि दुसरा मोटरमध्ये जाणारा. त्यांच्यावर दोन पिना लावल्या की चावी न फिरवता बारा व्होल्ट दिसतील. ‘कट्’ झाल्याक्षणी हा आकडा ०.३ च्या आत यायला हवा. ‘कट्’ येऊनही बाराच राहिला, तर आतली चकती किंवा बोल्टांची डोकी जळलेली आहेत, चोख निदान झालं. आकडा शून्याजवळ आला, तरी मोटर हलली नाही आणि बॅटरीचं व्होल्टेजही उतरलं नाही, तर दोष मोटरच्या पोटात : कार्बन (फिरणाऱ्या भागाला घासून प्रवाह देणारे ठोकळे) झिजलेले किंवा आर्मेचर (तो फिरणारा भाग) खराब.

यात अनुभवी इलेक्ट्रिशियनही विसरतात अशी एक गोष्ट. सोलेनॉइडमध्ये दोन कॉइल असतात : ओढणारी आणि धरून ठेवणारी. ओढणाऱ्या कॉइलचा अर्थ मोटरमधून, म्हणजे कार्बनमधूनच मिळतो. कार्बन पार संपले, तर ती कॉइल कामच करत नाही आणि ‘कट्’ अगदी क्षीण येतो किंवा येतच नाही. म्हणून तुमच्यासारखा दणदणीत ‘कट्’, पाच प्रयत्नांतून एकदा यश आणि न उतरणारं व्होल्टेज हे तिन्ही जुळले, की संशय कार्बनपेक्षा सोलेनॉइडच्या संपर्कांवर जास्त जातो. काही बनावटींत ते संपर्क आणि चकती सुटी मिळतात, काहींत सोलेनॉइड आख्खा बदलावा लागतो. मोटर चांगली असेल तर तेवढंच करा.

ओमच्या रेंजवर वायर तपासून ‘ठीक आहे’ म्हणणाऱ्यावर विसंबू नका. लहान पेट्रोल गाडीचा सेल्फही शंभर-दीडशे अँपिअर ओढतो. दीडशे अँपिअरला एका ओमचा शंभरावा भाग आडवा आला, तरी दीड व्होल्ट गायब. इतका बारीक रोध साधं मीटर दाखवतच नाही. जाड वायरीतली एकच तार शाबूत असली, तरी ते ‘ठीक’ सांगतं. भार असताना मोजलेलं व्होल्टेज मात्र खरं बोलतं.

प्रश्न : सकाळी चावी फिरवली की ‘कट-कट-कट-कट’ असा भराभर आवाज. मीटरचे काटे नाचतात, आतला दिवा विझल्यासारखा होतो. (नाशिक)

उत्तर : सेल्फला हात लावू नका. सोलेनॉइड ओढला जातो, संपर्क जुळतो, मोटर प्रवाह मागते, व्होल्टेज कोसळतं, सोलेनॉइड सुटतो, व्होल्टेज परत येतं, पुन्हा ओढला जातो. हीच ती कटकट. सोलेनॉइड आणि त्याचे संपर्क काम करत असल्याचाच हा पुरावा आहे. कारण बॅटरीत किंवा तिच्या टोकांवर आहे. दोन्ही क्लॅम्प काढा (आधी निगेटिव्ह), खुंट्या आणि क्लॅम्पचा आतला भाग पॉलिश पेपरनं चकचकीत करा. पांढरी-हिरवी बुरशी चढली असेल तर गरम पाण्यात खायचा सोडा घालून धुवा, कोरडं करा, घट्ट बसवा आणि वरून पेट्रोलियम जेली लावा. हातानं फिरवून पाहिला तर क्लॅम्प तसूभरही हलायला नको.

तरीही कटकट राहिली तर बॅटरी चार्ज करून दुकानात लोड टेस्ट करून घ्या. बॅटरी चांगली निघाली, पण रोज सकाळी उतरलेली असेल, तर इंजिन चालू ठेवून खुंट्यांवर १३.८ ते १४.५ व्होल्ट येतात का पाहा. येत नसतील तर अल्टरनेटरकडे, म्हणजे बॅटरी चार्ज करणाऱ्या जनित्राकडे वळा. येत असतील तर गाडी उभी असताना कोणी तरी प्रवाह पितंय. कुलूप लावून अर्ध्या-पाऊण तासानं ५० मिलिअँपिअरच्या आसपास किंवा कमी हे योग्य. बाहेरून बसवलेला स्टिरिओ, जीपीएस, डॅशकॅम यांचा संशय पहिला घ्यावा.

प्रश्न : डिझेल गाडी. सकाळी एका चावीत चालू होते. शंभरेक किलोमीटर धावल्यावर ढाब्यावर बंद केली की पुन्हा सेल्फ उचलत नाही, किंवा अगदी जड फिरतो. अर्ध्या तासानं सगळं ठीक. उन्हाळ्यात फार त्रास. (नागपूर)

उत्तर : तुमच्या भागातला उन्हाळा आणि डिझेलचा जड कॉम्प्रेशन, दोन्ही सेल्फच्या विरुद्ध जातात. तांब्याचा रोध दर अंशाला साधारण ०.३९ टक्क्यांनी वाढतो. गाडी थांबली की वाऱ्याचा झोत बंद होतो आणि इंजिन व सायलेन्सरची धग सेल्फमध्ये मुरते. तापमान ८० अंशांनी चढलं तर कॉइलचा रोध जवळजवळ तीस टक्क्यांनी जास्त. थंडीत काठावर पास होणारी कुठलीही गोष्ट इथं नापास होते. म्हणून गाडी नखरे करत असताना, म्हणजे गरमच असताना मोजायला हवं. थंड झाल्यावर सगळे आकडे बरोबर येतील आणि फसाल.

उचलतच नसेल, तर चावीकडून येणाऱ्या बारीक वायरीच्या टोकावर (अनेक सेल्फवर त्याला ५० हा क्रमांक असतो) चावी फिरवलेली असताना व्होल्टेज बघा. ते बॅटरीच्या त्या क्षणीच्या व्होल्टेजपेक्षा एखाद्या व्होल्टनं कमी असलं तर हरकत नाही. आठ-नऊवर आलं तर सोलेनॉइड पूर्ण ओढला जाणार नाही. जुन्या गाड्यांत हा सगळा प्रवाह इग्निशन स्विचच्या झिजलेल्या संपर्कांतून आणि लांब वायरीतून जातो. तिथं उपाय स्वस्त आणि पक्का आहे : बॉनेटखाली एक ३० किंवा ४० अँपिअरचा रिले (थोड्या प्रवाहावर मोठा प्रवाह जोडणारा स्विच) बसवा. चावीची वायर ८६ वर, अर्थ ८५ वर, बॅटरीकडून योग्य फ्यूज घालून जाड वायर ३० वर आणि ८७ वरून सोलेनॉइडला. चावीला मग फक्त रिले ओढावा लागतो.

उचलतो पण जड फिरत असेल, तर बाहेरचे आकडे तपासून झाल्यावर मोटर उघडायला सांगा. बुश, म्हणजे शाफ्ट ज्यांत फिरतो त्या कड्या, झिजले की आर्मेचर खाली बसतं आणि फिरताना आतल्या पोलला घासतं. घासल्याच्या चकचकीत रेघा आर्मेचरच्या पाठीवर स्पष्ट दिसतात. नवे बुश आणि कार्बन एकत्रच घाला. मूळ हीट शील्ड कुणी काढून टाकलं असेल तर ते परत बसवा. दुरुस्तीच्या वेळी ‘नको तेवढा पत्रा’ म्हणून ते पुष्कळदा टाकून दिलं जातं, आणि हा त्रास तिथूनच सुरू होतो.

प्रश्न : मोजमाप करून पाहिलं, मोटरच खराब आहे. हत्यारं आहेत, साधी कामं घरी करतो. सेल्फ स्वतः बदलता येईल का? (सातारा)

उत्तर : हात पोचत असेल तर नक्की येईल. काही गाड्यांत एअर फिल्टरचा डबा आणि पाइप काढला की सेल्फ समोर येतो. काहींत तो इनटेक मॅनिफोल्डखाली किंवा खालच्या बाजूनं असतो. खालून काम असेल तर नुसत्या जॅकवर गाडी ठेवून खाली शिरू नका. घोडे (जॅक स्टँड) लावा, मागच्या चाकांना उटी लावा. नुसता जॅक सरकून माणसं दगावली आहेत.

इंजिन थंड होऊ द्या. बॅटरीची निगेटिव्ह वायर पहिल्यांदा काढा आणि बाजूला बांधून ठेवा. हे टाळू नका. सेल्फवरची जाड वायर बॅटरीच्या पॉझिटिव्हला थेट जोडलेली असते आणि बहुतेक गाड्यांत तिला मधे फ्यूजही नसतो. पाना त्या बोल्टला आणि बॉडीला एकाच वेळी टेकला तर पाना वितळेल, हात भाजेल.

वायरिंगचा फोटो काढा. बारीक वायरीच्या कनेक्टरला लॉक असतं, ते दाबूनच ओढा. वायरीला धरून हिसडलं तर टर्मिनल सुटून येतं. जाड वायरीचं रबरी टोपण मागं सारा, नट काढा. तो बहुधा १२ किंवा १३ च्या गोटीत (सॉकेटमध्ये) बसतो. सेल्फ धरणारे बोल्ट सहसा दोन असतात, कधी तीन. जपानी आणि कोरियन घडणीच्या गाड्यांत १४ ची गोटी लागते. गंजलेले असतील तर आदल्या रात्री गंज सोडवणारा स्प्रे मारून ठेवा आणि लांब एक्स्टेंशन वापरा. वाकड्या कोनातून डोकं गोल केलंत तर अर्ध्या तासाचं काम दोन दिवसांचं होईल. बोल्ट कमी-जास्त लांबीचे असू शकतात आणि एखाद्याखाली अर्थची पट्टी असते. पुठ्ठ्यावर सेल्फचा आकार काढून ज्या त्या जागी बोल्ट खुपसून ठेवा. शेवटचा बोल्ट सोडताना खालून हात हवा : लहान गाडीचा सेल्फही तीनेक किलोचा असतो.

सेल्फ निघाला की त्याच्या भोकातून टॉर्च मारून रिंग गिअरचे दात बघा. क्रँक पुलीच्या बोल्टवर गोटी लावून, इंजिन त्याच्या नेहमीच्या दिशेनं हळूहळू फिरवत पूर्ण वेढा तपासा. ही संधी पुन्हा सहजी मिळत नाही.

नवा सेल्फ जुन्याशेजारी ठेवून ताडून पाहा : पिनियनचे दात मोजा, नाकाची लांबी, बोल्टांच्या भोकांचं अंतर, सोलेनॉइडचा कोन, बारीक वायरीच्या टर्मिनलचा आकार. एकच दात कमी-जास्त असला तरी दिसायला सारखाच वाटतो, पण तो रिंग गिअर खाऊन टाकेल. बसवण्याआधी जमिनीवर चाचणी घ्या. सेल्फ व्हाइसमध्ये पक्का धरा, कारण चालू होताना तो जोरात उसळतो. बॅटरीला लावलेल्या जंप केबलची काळी वायर अंगाला, लाल जाड बोल्टला, आणि एका वायरीच्या तुकड्यानं बारीक टर्मिनलला क्षणभर लाल द्या. पिनियन ठसक्यात बाहेर यायला हवं आणि मोटर सलग, न खरखरता फिरायला हवी. दोन-तीन सेकंद पुरे. भाराशिवाय फार वेळ पळवू नका.

आता ज्या चुकीमुळं ‘नवा सेल्फही तसाच’ अशी तक्रार येते, ती. सेल्फला अर्थ वेगळ्या वायरीनं मिळत नाही, गिअरबॉक्सच्या घंटेला (पुढच्या घंटेसारख्या कवचाला) टेकणाऱ्या त्याच्या तोंडातून मिळतो. रिपेअर केलेले सेल्फ बरेचदा आख्खे रंगवून येतात, ते तोंडही रंगवलेलं असतं. रंग, गंज, तेल सगळं काढून दोन्ही बाजूंचा धातू उघडा करा. जुन्या सेल्फखाली पातळ शिम (अंतर राखणारी चकती) असेल तर तोच परत घाला.

दोन्ही बोल्ट आधी हातानं चार-पाच आटे चढवा, मग आळीपाळीनं आवळा. १० मिलिमीटरच्या बोल्टला साधारण ४० ते ५० न्यूटन-मीटर. तुमच्या गाडीच्या मॅन्युअलमध्ये वेगळा आकडा असेल तर तोच पाळा. जाड वायरीच्या नटाला मात्र दहाच्या आसपास बास. तो तांब्याचा बोल्ट सोलेनॉइडच्या बेकलाइटच्या टोपीत बसलेला असतो. जोर लावलात की टोपी तडकते किंवा बोल्ट आतल्या आत फिरून संपर्क तिरका होतो, आणि नवा कोरा सेल्फ बसवतानाच खराब होतो. रबरी टोपण परत चढवा. निगेटिव्ह सगळ्यात शेवटी लावा. चालू झाल्यावर पहिल्या उत्तरातली ०.५ आणि ०.३ ची मोजमापं पुन्हा घ्या. पॉवर विंडोचं ऑटो आणि घड्याळ नव्यानं सेट करावं लागेल.

प्रश्न : चावी मारली की मोटर ‘घुंऽऽ’ करून पळते, पण इंजिन फिरत नाही. कधी कधी खर्रर्र असा दात घासल्याचा आवाज. (मडगाव)

उत्तर : नुसतं ‘घुंऽऽ’ म्हणजे पिनियनचा वन-वे क्लच (एकाच दिशेनं पकड घेणारा भाग) घसरतोय, किंवा पिनियन पुढं येतच नाही. सेल्फ काढून पिनियन हातात धरा : एका दिशेनं ते मोकळं फिरायला हवं, दुसऱ्या दिशेनं शाफ्टला पकडायला हवं. दोन्हीकडं मोकळं असेल तर ते आख्खं असेंब्ली बदला. क्लच उघडून दुरुस्त करण्यात अर्थ नाही.

खर्रर्र आवाजाला रिंग गिअरही कारण असू शकतो. इंजिन बंद पडताना कॉम्प्रेशनमुळं ठरावीक जागीच थांबतं. चार सिलिंडरच्या इंजिनात समोरासमोरच्या दोन जागा, तीन सिलिंडरच्यात तीन. पिनियन आयुष्यभर तिथंच येऊन आदळतं, म्हणून दात तिथंच झिजतात. ओळखायची खूण सोपी : खरखर झाली की चावी काढा, चौथा गिअर टाका आणि गाडी वीतभर पुढं ढकला. न्यूट्रल करून पुन्हा चावी मारा. आता साफ उचलली, आणि असं वारंवार घडत असेल, तर रिंग गिअरच झिजलाय. त्यासाठी गिअरबॉक्स उतरावा लागतो. क्लच बदलायची वेळ जवळ आली असेल तर दोन्ही कामं एकदमच करून घ्या, मजुरी एकदाच लागेल.

प्रश्न : बटण स्टार्ट, ऑटोमॅटिक गाडी. बटण दाबलं तर दिवे लागतात, पण सेल्फचा आवाजच नाही. ‘कट्’ सुद्धा नाही. (ठाणे)

उत्तर : आदेश सेल्फपर्यंत पोचत नाही. ब्रेक दाबल्यावर मागचे ब्रेक लाइट लागतात का पाहा. लागत नसतील तर ब्रेक स्विच गेलाय, आणि त्याशिवाय गाडी परवानगी देणार नाही. लिव्हर P ऐवजी N मध्ये घेऊन प्रयत्न करा; तिथं चालू झाली तर गिअरच्या स्थितीचा स्विच बिघडलाय. चावी बटणाला टेकवून दाबा. त्यानं चालली तर चावीतला सेल संपलाय. मग फ्यूज बॉक्समधला स्टार्टर रिले. शेजारचा हॉर्नचा रिले तोच क्रमांक लिहिलेला असेल तर दोघांची अदलाबदल करून बघा. एवढ्यानं नाही झालं तर स्कॅनर लावावा लागेल.

प्रश्न : पुराचं पाणी बॉनेटपर्यंत आलं होतं. ओसरल्यावर चावी मारली तर सेल्फ ‘टक्’ करून अडतो. सेल्फमध्ये पाणी गेलं असेल ना? उन्हात वाळवून पुन्हा मारू का? (चिपळूण)

उत्तर : कृपा करून पुन्हा चावी मारू नका. बॅटरीची निगेटिव्ह आत्ताच काढा. सेल्फ अडण्याचं सगळ्यात महागडं कारण सिलिंडरमधलं पाणी आहे. हवा दाबली जाते, पाणी दाबलं जात नाही. सेल्फनं जोर लावला किंवा गाडी ढकलून चालू केली तर कनेक्टिंग रॉड वाकतो आणि इंजिन उघडावं लागतं. एअर फिल्टरचा डबा उघडा. आत ओल किंवा चिखल दिसला तर गाडी टोइंगनंच गॅरेजला न्या. ऑटोमॅटिक असेल तर चाकं जमिनीवर न फिरवता, फ्लॅटबेडवरून. तिथं स्पार्क प्लग किंवा डिझेलचे ग्लो प्लग वा इंजेक्टर काढून, क्रँक पुली हातानं दोन फेरे फिरवून पाणी बाहेर काढतात. इंजिन हातानं मोकळं फिरलं, तरच पुढचा विचार. इंजिन ऑइल दुधाळ झालं असेल तर ऑइल आणि फिल्टर आधी बदलायचे.

सेल्फ मात्र बिघडलेला नसला तरी उघडून साफ करायला हवाच. पुराच्या पाण्यातला गाळ कार्बनच्या घरात बसतो आणि पिनियनच्या शाफ्टवर आठवडाभरात गंज धरतो. मग पिनियन पुढं गेलं की मागं येत नाही. आर्मेचर आणि कॉइल पाण्यानं धुऊन मंद उष्णतेवर पूर्ण वाळवतात. अंगाशी इन्सुलेशन तपासतात. बुशला नवं वंगण, शाफ्टच्या आट्यांना अगदी पातळ थर. घट्ट ग्रीस थापलं तर धूळ चिकटून पिनियन पुन्हा अडकतं. समुद्रकाठच्या गावांत पूर न येताही खाऱ्या हवेनं अर्थ पट्टीचं हेच होतं, तीही काढून घासा.

प्रश्न : गाडी चालू झाल्यावरही सेल्फ फिरतच राहिला. चावी काढली तरी थांबेना! (छत्रपती संभाजीनगर)

उत्तर : इंजिन बंद करा आणि शक्य तितक्या लवकर बॅटरीची निगेटिव्ह काढा, हाताशी पाना नसेल तर क्लॅम्प हिसडून काढायलाही हरकत नाही. सोलेनॉइडचे संपर्क वितळून चिकटले आहेत, किंवा रिले अडकलाय. रिले काढल्यावर थांबला तर दोष रिलेत. नाही थांबला तर सोलेनॉइडमध्ये. अर्धमेल्या बॅटरीवर पुन्हापुन्हा चावी मारल्यानं संपर्क असे जळतात. एका दमात दहा सेकंदांपेक्षा जास्त सेल्फ मारू नये, मधे मिनिटभर थांबावं.

प्रश्न : हातोडीनं ठोकलं की सेल्फ चालतो. असं किती दिवस चालेल? धक्का मारून चालू करणं बरं का? (कोल्हापूर)

उत्तर : ठोकल्यानं झिजलेला कार्बन क्षणभर कम्युटेटरला (आर्मेचरच्या टोकावरच्या तांब्याच्या पट्ट्यांना) टेकतो, म्हणून चालतो. गाडी घरी आणण्यापुरतं ठीक, लाकडी दांड्यानं हलकेच. आजच्या बहुतेक लहान गाड्यांच्या सेल्फमध्ये फिल्ड कॉइलऐवजी चुंबक चिकटवलेले असतात. ते ठिसूळ असतात, जोरात ठोकलं तर फुटतात, आणि मग दुरुस्तीच उरत नाही. कार्बन नव्याच्या निम्म्याहून कमी उरले असतील तर संच बदला. कम्युटेटर काळा पडला असेल तर बारीक पॉलिश पेपरनं घासून, पट्ट्यांमधला अभ्रक खाली खोदून घ्या. पट्ट्या उखडल्या असतील किंवा आर्मेचर अंगाशी शॉर्ट असेल, तर आख्खा सेल्फ घ्या. जळक्या आर्मेचरची गुंडाळी पुन्हा भरून घेणं लहान सेल्फला परवडत नाही आणि टिकतही नाही. नवा घेताना गाडीला कारखान्यातून आलेल्याच बनावटीचा, त्याच भाग क्रमांकाचा घ्या. निम्म्या किमतीच्या बिनानावाच्या मालात पिनियनच्या दाताचं पाणी नीट दिलेलं नसलं, तर ते रिंग गिअरला खातं, आणि वाचवलेल्या पैशांच्या कितीतरी पट गिअरबॉक्स उतरवण्यात जातात.

धक्का फक्त मॅन्युअल गिअरच्या गाडीला, दुसऱ्या गिअरमध्ये, आणि तोही एकदा-दोनदाच. इंजिन पेटलं नाही तर न जळलेलं पेट्रोल सायलेन्सरमधल्या कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये जाऊन तो खराब करतं. बॅटरी पार मेलेली असेल, डॅशबोर्डचा दिवाही लागत नसेल, तर धक्क्यानं काही होणार नाही : इंजेक्टर, पंप आणि कॉम्प्युटरला बारा व्होल्ट कुठून तरी मिळावेच लागतात. तेव्हा जंप केबल लावा. लाल वायर दोन्ही बॅटरींच्या पॉझिटिव्हला, काळीचं एक टोक चांगल्या बॅटरीच्या निगेटिव्हला आणि दुसरं बंद गाडीच्या इंजिनवरच्या उघड्या धातूला, बॅटरीपासून लांब.